खऱ्या प्रवाशाची ओळ

अर्डव्हॅन,
सोमवार, १८ मार्च १९६३

प्रिय लॉखलन,

‘प्रिय’ हा शब्द पत्राची रीत म्हणून लिहिला आहे. त्यातून जास्त काही काढू नकोस. आईच्या थडग्याच्या दगडावर तुझंही नाव कोरावं, असं तू कळवलंस. अक्षरं कोरायला मला कुणी शिकवलं नाही, पुस्तकं बघून आणि बोटं फोडून शिकलो. इथल्या दफनभूमीत माझ्या हातचं एक अक्षर वाकडं नाही, आणि खोटं तर एकही नाही. म्हणून आधी हे वाच.

कायदा बदलला. रविवारी हॉटेलात आता कुणालाही ठरल्या वेळात दारू मिळते, म्हणून मिसेस मकफेलने प्रवाशांच्या जुन्या वह्या जाळायला काढल्या. कोऱ्या पानांवर अक्षरांचे आराखडे काढता येतील, म्हणून मी त्या मागून आणल्या. तुला आठवत असेल, रविवारी प्यायला माणूस तीन मैलांवरून आलेला खरा प्रवासी लागायचा. नाव, कुठून, कुठे, सगळं वहीत लिहून. मग आपलं गाव किलमोरनला चालत जायचं, किलमोरन आपल्याकडे, आणि निम्म्या वाटेवर दोन्ही गावं एकमेकांना टोप्या उंचावायची. हवालदार गावातल्या एखाद्याला अडवून विचारायचा, “काय रे टॉर्क्विल, आज कुठून मुशाफिरी?” “तुमच्या सासुरवाडीहून, साहेब. सासूबाई विचारत होत्या, जावई अजून घोरतो का!” त्या वह्यांइतका खोटेपणा मी एका जागी कधी वाचला नव्हता.

आणि त्यात एक ओळ खरी निघाली. रविवार, ४ नोव्हेंबर १९५१. दुपारी दोन चाळीस. लॉखलन मकइनिस. ग्लासगोहून, आईकडे.

आई शेवटच्या घटका मोजतेय ही माझी तार सोमवारी मिळाली, असं तू लिहिलं होतंस. मी मानलं. लोकांनाही तेच सांगितलं, अगदी ठासून.

वही घेऊन मी तडक हॉटेलात गेलो. मिसेस मकफेल ग्लास पुसतच राहिली. “आला होता की. खिडकीशी बसला. तिथून तुमचं फाटक दिसतं. टोपीसुद्धा काढली नाही. साडेपाचच्या बसने गेला.” मी म्हटलं, अकरा वर्षं तोंड का नाही उघडलंस? “तू विचारलंस कधी? तू विचारत नाहीस, डूगल, सुनावतोस.”

आई त्याच संध्याकाळी साडेसहाला गेली. एक मैल, लॉखलन. वीस मिनिटांची चाल, तीही उताराची. आणि तू जवळजवळ तीन तास ग्लासाला चिकटून! मी तुला माफ करणार नाही. ते या पत्रात शोधू नकोस.

पण मी मोजमापाचा माणूस आहे, माझीही बाजू मोजतो. तोंडाला वास येत असेल तर या दारातून आत यायचं नाही, हा नियम माझा होता. आईने तो कधी केला नव्हता. धीर यावा म्हणून तू पहिला ग्लास घेतला असशील, आणि घेतल्यावर माझं दार बंद झालं असेल. दुसरं असं, की त्या दुपारी फाटक वाजलं की आई मान उचलायची. सव्वातीनला मी तिला सांगितलं, “लॉखी निघालाय, वाटेत आहे.” तिने मान खाली ठेवली ती शांतपणे. आयुष्यात बोललेलं माझं एवढंच खोटं, मरणाऱ्या बाईपाशी. अकरा वर्षं ते मला कुरतडत होतं. काल वही पाहिली. ते खोटं नव्हतं. हे तुला सांगायला दुसरं कुणी नाही, म्हणून लिहिलं. दगडावर तिच्या नावाखाली चार इंच जागा पहिल्यापासून सोडलेली आहे. पण तू समोर उभा असल्याशिवाय मी छिन्नी लावणार नाही. रविवारी ये. हॉटेलात थांबलास तरी ये. वास येत असला तरी ये.

तुझाच, दुसऱ्या कुणाचा होता येत नाही म्हणून,
डूगल