आमच्या जर्मन गाडीचे तोटे

मंगळवार, १२ तारीख, दुपार

प्रिय गुंड्या,

अनेक आशीर्वाद. आजोबा झालास, आता तुला गुंड्या म्हणू नये असं तुझ्या बायकोने परवा फोनवर सुचवलं. तिला सांग, जावई आला तेव्हा बदललं नाही, नातीपायी काय बदलणार! ठमी आणि बाळ दोघी सुखरूप आहेत हे ऐकून जिवात जीव आला. बाळाचं नाक आपल्या घराण्याचं आहे म्हणतोस. बिचारीला आत्तापासून माझी सहानुभूती कळव.

इकडे सगळं बरं आहे. शिवणाचं काम पुष्कळ. पोटरी तेवढी दुखते, बाकी काही नाही. आत्ता घरात शोधाशोध चालली आहे. ड्रॉवर उघडतायत, आपटतायत, गाद्या उलट्यापालट्या होतायत, तेव्हा मध्येच अक्षर बिघडलं तर समजून घे.

तू विचारलंस की तुझा मित्र त्याची गाडी विकतोय, अगदी आमच्यासारखीच, जर्मन, लांबडी, चकचकीत. दाजींना विचारलं तर ते नुसती आरती ओवाळतात, म्हणून ताई, तूच तोटे सांग. फोनवर कशी सांगू? तुझा फोन आला की तुझे दाजी तो स्पीकरवर टाकतात आणि गाडीबद्दल वाकडा शब्द निघाला की संध्याकाळपर्यंत तोंड पाडून बसतात. म्हणून हे पत्र.

तर ऐक. ही गाडी घेणं सोपं, पोसणं कठीण. जुनी होती म्हणून आम्हाला स्वस्तात मिळाली आणि आम्ही खूश. मग कळलं, चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला. इंजिनाजवळची पाण्याची एक नळी तडकली. प्लास्टिकची, माझ्या बोटाएवढी. पण तिच्यापर्यंत हात पोचायला निम्मं इंजिन सोडावं लागतं, आणि मजुरी त्या सोडण्याची असते. साधे गॅरेजवाले बॉनेट उघडतात, आत बघतात आणि हळूच बंद करतात, चुकून दुसऱ्याच्या घरात शिरल्यासारखे. ज्याला येतं तो एकच, गावाच्या पार दुसऱ्या टोकाला, आणि तो सुटा भाग मागवतो तेव्हा आपण वाट बघायची. बॅटरी नवी घातली तर तेसुद्धा कॉम्प्युटर लावून गाडीला कळवावं लागतं. नाहीतर ती जुनीच समजून रुसून बसते. तेल पिते. दोन सर्व्हिसिंगच्या मध्येच पिवळा दिवा लागतो आणि तुझे दाजी डबा घेऊन पळतात.

स्टेपनी नाही. हो, नाहीच! टायर असे आहेत म्हणे की हवा गेली तरी थोडं अंतर चालतात, मग स्टेपनी कशाला. पण एकदा का तो टायर गेला की पंक्चरवाला हात जोडतो, नवाच घ्या म्हणतो. आणि इतके कडक, की रस्त्यावरचा खडा न् खडा कमरेला कळतो. मागे तिघं बसतात असं सांगतात, पण मधोमध उंचवटा आहे, मधल्याने पाय खांद्यावर घ्यायचे की काय ते सांगत नाहीत.

आणि किल्ली. हे नीट वाच. हिची किल्ली रस्त्यावरचा चावीवाला करून देत नाही. कंपनीकडे जा, गाडीचे कागद दाखवा, आपण आपणच आहोत हे सिद्ध करा, मग ती बाहेरून येणार. महिना धरून चाल. तोवर गाडी जागची हलत नाही. आमची एक किल्ली दाजींनी मागेच कुठल्याशा दुकानात हरवली. आता एकच उरली आहे.

अजून काय? हां, गाडी रुंद आहे. डावीकडून सारखी घासते. डावा आरसा बदलून झाला, पुन्हा बदलून झाला. डाव्या दाराला फाटकाच्या खांबाने मोठा ओरखडा काढला. तुझे दाजी म्हणाले, जर्मन माणसाने डावीकडे पत्रा जास्त लावलाय. मी हसले. तो खांब आपलं लग्न झालं तेव्हापासून तिथेच आहे, असं काही बोलले नाही.

थांब, हाक मारतायत.

आले. "तू पाहिलीस का गं?" असं विचारत होते. मी नाही म्हटलं. काय ते पुढे लिहिते.

मगाशी पोटरी दुखते असं लिहिलं ना? मशीनमुळे असेल, असं तू म्हणशील. पण मशीनला मोटर तूच बसवून दिलीस, आठवतंय? पाय मारायचं तर केव्हाच सुटलं. उजवीच पोटरी दुखते, आणि का ते मी कुणालाही सांगितलेलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं म्हणत बसले.

आमच्या गाडीला एक तोटा आहे जो तुझ्या मित्राच्या गाडीत नसणार. हिला दोन ब्रेक आहेत.

दाजींची ड्रायव्हिंग स्कूल बंद झाली तेव्हा शिकवायच्या गाड्या विकल्या, पण पहिल्या गाडीचा शेजारच्या सीटपुढचा, शिकवणाऱ्याच्या पायाखालचा ब्रेक त्यांनी काढून ठेवला होता. आठवण म्हणून. ही जर्मन गाडी घेतल्यावर काही दिवसांनी त्यांनी तो हिला बसवून घेतला. मेकॅनिक नाही नाही म्हणत होता. मला सांगितलं, "जुनी सवय, तो नसला की गाडी उघडी वाटते." मी म्हटलं, बरं. मग मला म्हणाले, "तू पाय त्याच्यावर ठेवून बस. नुसता ठेव." तू त्यांच्याकडेच शिकलास, तुला त्यांचा मंत्र पाठ असेल: पाय ब्रेकवर, नजर लांब, तोंड बंद. मी तेव्हापासून तिन्ही पाळते आहे.

त्यांना डावीकडचं दिसत नाही, गुंड्या.

लिहून टाकलं एकदाचं. समोरचं लख्ख दिसतं, सुईत दोरा अजून तेच ओवून देतात मला. पण बाजूचं गेलंय, डावीकडचं तर पारच. डोळ्यांच्या डॉक्टरांनी आम्हा दोघांसमोर सांगितलं, गेलेलं परत येणार नाही, आहे ते थेंबांवर टिकवायचं, आणि गाडी आजपासून बंद. दाजी शांतपणे उठले. बाहेर येऊन गाडीचं दार उघडलं आणि म्हणाले, "हा डॉक्टर माझ्याकडे शिकायला होता. याला अजून रिव्हर्स येत नाही." मला हसूच फुटलं, काय करू! हसतहसत शेजारी जाऊन बसले आणि ब्रेकवर पाय ठेवला. त्यानंतर त्या विषयावर आम्ही दोघं एक अक्षर बोललेलो नाही.

मी दाबते आणि गाडी थांबते. ते म्हणतात, "बघितलंस? जर्मन ब्रेक. आपोआप लागतात." मी म्हणते, हो ना. डावीकडून सायकल आली, दाबते. कुणी रस्ता ओलांडतंय, दाबते. भाजी आणायला जाऊन येते आणि अंगाला घाम फुटलेला असतो. कधी कधी इतका राग येतो की म्हणावंसं वाटतं, नाचता येईना अंगण वाकडं! आणि मग ते गाणं गुणगुणत वळण घेतात, स्टिअरिंगवर हात कसा लोण्यासारखा फिरतो ते बघत राहते. ज्या माणसाने निम्म्या गावाला गाडी शिकवली, चौकात ज्याला मास्तर मास्तर म्हणून लोक हात करतात, त्याला खाली उतरा असं कुठल्या तोंडाने सांगू? धरलं तर चावतंय, सोडलं तर पळतंय.

गेल्या आठवड्यात शाळेच्या कोपऱ्यावर डावीकडे वळत होतो. एक बाई दोन्ही हातांत पिशव्या घेऊन फुटपाथवरून खाली उतरली. मी सगळा जीव पायात आणून ब्रेक दाबला. ती बॉनेटला हात टेकून उभी राहिली. पिशवीतले कांदे रस्ताभर झाले. आणि गुंड्या, तुझ्या दाजींनी माझ्याकडे वळून विचारलं, "का थांबवलीस?" कांदे त्यांना दिसले. बाई दिसली नव्हती. जर्मन ब्रेक आपोआप लागतो असं त्या दिवशी म्हणाले नाहीत. मी उतरून कांदे गोळा करून दिले.

मला वाटलं, झालं, आता आपणहून सोडतील. कसलं काय! सुंभ जळला तरी पीळ जात नाही. त्याच संध्याकाळी तुझा फोन. ठमीला रविवारी दवाखान्यातून घरी आणायचं, आणि तू मोठ्या हौसेने म्हणालास, "दाजी, बाळ तुमच्याच गाडीतून आणि तुमच्याच हाताने घरी येऊ दे." तुझी काय चूक, तुला कुठे माहीत होतं! पण त्यांचा चेहरा असा उजळला की मी स्वयंपाकघरात निघून गेले. तेव्हापासून गाडी धुतायत. रोज धुतायत. मागच्या सीटवर बाळासाठी मऊ चादर अंथरून ठेवली आहे, तिला मी झालर लावून द्यायची आहे. मी अजून लावली नाही.

आणि तूच आखणी सांगितलीस. पुढे तू बसणार, मागे ठमी, बाळ आणि मी. म्हणजे हायवेवर, ठमीच्या मांडीवर ते एवढंसं बाळ, आणि ब्रेकवर माझा पाय नाही. तू तर बसल्या बसल्या झोपतोस. मला झोप लागत नाहीये. कापड बेततानासुद्धा माझा पाय खाली काहीतरी दाबत असतो. काल एका गिऱ्हाइकाचा नवा कोट मी चुकीच्या बाजूने कापला. उभ्या आयुष्यात असं केलं नव्हतं.

आता घरात काय शोधतायत ते सांगते. किल्ली. उरलेली एकुलती एक. सकाळपासून शोधतायत, जमिनीवर बसून डाव्या हाताने सोफ्याखाली चाचपतायत. ती सापडणार नाही. ती या पाकिटात आहे. उघडताना जड लागलं असेल तुला.

चोरी म्हण हवं तर. मला दुसरं काही सुचलं नाही. नवी किल्ली यायला महिना लागतो, म्हणजे रविवार तर टळला. पहिल्यांदाच या गाडीच्या एखाद्या तोट्याचा मला फायदा झाला.

आता तू करायचं ते ऐक. मित्राची गाडी घेऊ नकोस. शनिवारी बसने इकडे ये. दाजींना म्हण, ताईने मित्राची गाडी नापास केली, मला तुमचीच हवी. घासाघीस कर, भरपूर कर, नाहीतर त्यांना संशय येईल. किल्ली तुझ्याकडे कशी आली ते मला सुचत नाही, ते तू बघ. लहानपणी थापा मारण्यात तुझा हात कोण धरायचं! मग रविवारी तू गाडी चालव आणि त्यांना शेजारी बसव, त्या ब्रेकपाशी. ती त्यांचीच जागा आहे. आयुष्यभर तिथेच बसून त्यांनी लोकांना सांभाळलं. दाबला ब्रेक मध्येच, तर दाबू दे. तू फक्त म्हण, जर्मन गाडी आहे दाजी, आपोआप थांबते.

मला त्यांची फसवणूक करायची नाही रे. मला ते हवे आहेत, आणि रस्त्याने जाणारी माणसंही हवी आहेत, आणि बाळ तर हवंच आहे. यातलं एक निवड असं कुणी म्हणू नये एवढंच.

ठमीला आणि बाळाला गोड पापा. तुझ्या बायकोला आशीर्वाद. तिला यातलं सगळं सांगितलंस तरी चालेल.

तुझी,
ताई

ता. क. पाकीट चिकटवलं होतं, पुन्हा फोडून हे लिहिते आहे. पाकीट टेबलावर ठेवून मी दोरा आणायला उठले आणि परत आले तर तुझे दाजी टेबलासमोर उभे. पाकिटाकडे बघत होते, अगदी समोरून. आतला फुगवटा वरूनसुद्धा कळत होता. त्यांनी हात लावला नाही. मग म्हणाले, "तिकिटं जास्त लाव. जड आहे." जाऊन सगळे ड्रॉवर एकेक करून बंद केले, उलटलेल्या गाद्या सरळ केल्या. दारातून परत वळले आणि म्हणाले, "गुंड्याला लिही, वळताना घाई करतो तो. शनिवारीच ये म्हणावं, एक दिवस सराव करू. मी शेजारी बसेन."

ये रे लवकर. चादरीला झालर लावायला घेते.

ताई