पुलावरचा फोन

३ फेब्रुवारी
आले एकदाची सागौनियाला! भोपाळहून पॅसेंजरने दीड तास, आणि हवा काय सुरेख. एक फलाट, एक कौलारू खोली, बाहेर कडुनिंब. स्टेशन १९१२ साली सागवान वाहायला बांधलं. जंगल संपलं, स्टेशन राहिलं. थांबतात त्या दोनच पॅसेंजर, सकाळी जाणारी नि चारला परतणारी. दूधवाले, शाळेच्या मुली, संपलं. बाकी मालगाड्या धडधडत जातात. मोठे मास्तर शैलेंद्रजी गोड बोलतात. भोपाळला इंद्रपुरीत राहणाऱ्या धाकट्या भावाला, निनादला कळवलं, तुझी ताई आता सिग्नल देणार. म्हणाला, मग मी रस्त्यानेच फिरतो. गाढव.

६ फेब्रुवारी
नदीच्या पुलावर एक फोन आहे. पुलावर काम असलं की तिथला माणूस त्यावरून कळवणार, मगच आपण गाडी सोडायची. आज दुपारी दोन-वीसला त्याचा स्टेशनातला जोडफोन वाजला. घोगरा आवाज, खाली आहे म्हणाला. कोण खाली, विचारलं तर बंद. शैलेंद्रजी म्हणतात, ती लाइन चार वर्षांपूर्वीच बंद केलीय. मग मी काय भिंतीशी बोलले?

९ फेब्रुवारी
रोज दोन-वीस. शैलेंद्रजींसमोर मात्र वाजत नाही. आज चालत पुलावर गेले. खांबावर गंजकी पेटी, आत पालीची अंडी, वायर तुटलेली. घाबरले, खोटं कशाला बोलू. पण कुणी माझी गंमत करत असेल तर त्याची खैर नाही.

१२ फेब्रुवारी
सांधे बदलणाऱ्या पॉइंट्समन रवींद्रने आज सगळं सांगितलं. चार वर्षांपूर्वी दोन ट्रॅकमन पुलाच्या दुरुस्तीला होते, दत्तू आणि केशव. चंद्रपूरकडचे, हिंदी कच्ची. केशव रुळाला दोर बांधून पुलाखाली लोंबकळत होता, वर फोनपाशी दत्तू. शैलेंद्रजींनी विचारलं, लाइन खाली है? दत्तू म्हणाला, खाली आहे. केशव खाली आहे, असं सांगत होता बिचारा! यांनी हिंदीतलं खाली ऐकलं, लाइन मोकळी आहे. मालगाडी सोडली. दोर तुटला. सोडवायला धावलेला दत्तूही गेला.
अहवालात काय, तर ट्रॅकमनने लाइन मोकळी असल्याचं कळवलं. मेलेल्याच्या माथी मारलं आणि हे चार वर्षं इथेच चहा ढोसतायत. रवींद्रला हिंदीच येते, त्याला तो शब्द कधी खटकला नाही. मला ऐकताक्षणी कळला. तळपायाची आग मस्तकात गेली.

१५ फेब्रुवारी
वरच्या ऑफिसला अर्ज लिहिला. शैलेंद्रने माझ्यासमोर फाडला. म्हणे, एका शब्दावरून माणसाची नोकरी घालवणार? दोन माणसं गेली त्या शब्दावरून! ओरडले मी.
दोन-वीसला फोन. आज आवाज रडत होता.

१७ फेब्रुवारी
निनादचा मेसेज. तो रेल्वेच्या पूल विभागात; इथल्या पुलाच्या तपासणीवर त्यालाच पाठवतायत, एकोणीसला. लगेच फोन लावून नको येऊस म्हटलं. हसला. ऑर्डर आहे, ताई.

१८ फेब्रुवारी
फोन सकाळपासून. खाली आहे, खाली आहे— मी किंचाळले, कळलंय रे, कळलंय मला. रवींद्र बघत राहिला.

१९ फेब्रुवारी
निनाद दहाला आला. वॉकीटॉकी दिला. बजावलं, खाली हा शब्द तोंडातून काढायचा नाही, नीचे म्हण. बरं म्हणाला, लहान मुलाला म्हणावं तसं. एकच्या सुमारास दोर बांधून उतरला.

दोन-अठरा. शैलेंद्रने मला तिकीट खिडकीवर बसवलंय. भांडले. ऐकत नाही.

फोन. त्यांनी जुन्या सवयीने उचलला. आज त्यांनाही ऐकू आला.
म्हणाले, खाली? ठीक है—

सिग्नल दिला. मी धावले, लाल केला, इंजिन पुढे गेलं होतं. ते फलाटावर हिरवा झेंडा धरून उभे. वॉकीवर निनाद बोलत नाही. निनाद बोलत नाही.
लिहून ठेवतेय. उद्या अहवालात दुसरंच येईल. लाइन मोकळी नव्हती. माझा भाऊ—

फोन परत वाजला. डाव्या हाताने उचललाय.
दत्तू नाही हा.
ताई, म्हणतोय. ताई, मी खाली आ—