मयत दोब्रीला दिलेलं वचन

तोपलिक,
वेली छाटायचे दिवस

आदरणीय स्लाव्चोदादास,

धाकट्या वेलिकाचा नमस्कार. तुझी कंबर कशी आहे? वहिनींचा दमा? प्लोवदिवच्या तुमच्या वरच्या मजल्यावर नळाला पाणी चढतं की अजून बादल्याच? इकडे सर्व क्षेम आहे असं लिहायची रीत आहे म्हणून लिहिलं. रीत संपली. इथे काहीएक क्षेम नाही, आणि मी इतकी चिडलेली आहे की पेनाचं टोक कागदातून आरपार जातंय. पत्राला भोकं दिसली तर ती उंदरांची नव्हेत, तुझ्या बहिणीची आहेत असं समज.

तुझ्या मेहुण्याचं, दोब्रीचं, तुला ठाऊकच आहे. झटका येऊन त्याचा उजवा पाय लाकूड झाला, तेव्हा डॉक्टर म्हणाले, गोळ्या राहू द्या, गावच्या गरम झऱ्याच्या हौदात रोज बसवा. बसवला. आणि पाय परत आला, दादा! आधी अंगठा हलला, मग घोटा, आणि मागच्या उन्हाळ्यात तर स्वारी आपल्या पायांनी तळघरात उतरून राकिया दारूच्या बाटलीपर्यंत पोचली. (वर आणायला मलाच जावं लागलं, पण त्यात पायाचा दोष नव्हता.) तो हौद आपल्या पणजोबांच्याही आधीपासून गावाचा. तुर्क होते, राजे झाले, पक्ष आला. त्या पाण्याला कुणी कुलूप घातलं नाही. कुलूप घातलं ते लोकशाहीनं.

म्हणजे गातेवनं. तोच रे, पक्षाचा सेक्रेटरी. ईस्टरच्या रात्री चर्चसमोर उभा राहून कोण कोण आत जातंय ते हेरायचा, तोच आता लोकशाहीवाला सरपंच झालाय. राजधानीत सरकार पडलं त्या दिवशी दुपारपर्यंत तो आम्हाला ‘कॉम्रेड’ म्हणत होता, संध्याकाळी ‘सभ्य स्त्रीपुरुषहो’ म्हणायला लागला. सरड्यालासुद्धा रंग बदलायला थोडी उसंत लागते. आता मेणबत्ती घेऊन मिरवणुकीत सगळ्यांच्या पुढे, आणि छातीवर क्रूस असा झपाझप काढतो की अंगावरच्या माश्या हाकलतोय असं वाटावं. तेव्हा आमच्या छाताडावर बसला होता तो पक्षाच्या नावानं, आता बसलाय तो आमच्याच मतानं. वजन तेच आहे, किंबहुना वाढलंय.

मागच्या शरदात सगळं गाव द्राक्षं खुडायला डोंगरावर गेलं असताना हौदाचा लिलाव झाला. नोटीस अगदी कायदेशीर लावली होती. कचेरीच्या दाराला, आतल्या बाजूनं, आणि दाराला बाहेरून कुलूप. बोली लावणारी एकच कंपनी, ‘अरुणोदय’. तिची मालकीण कोण? गातेवची सासू पेनाआजी! त्या बिचारीला वाटतं जावयानं आपल्या नावावर शेळी घेतली. वाटेत भेटली की मला विचारते, “वेलिका, दूध कधी सुरू होईल गं?” तिकडे हौदाभोवती तारेचं कुंपण, फाटकाशी दांडगा रखवालदार, आणि आत राजधानीहून आलेले गातेवचे पाहुणे पोटं वर करून तरंगतायत. दोब्री रोज काठी टेकत जायचा आणि कुंपणाबाहेर उभा राहून नुसता वाफेकडे बघायचा. घोटा पुन्हा आखडला, मग अंगठा. रात्री पाय चोळताना तो कण्हत नाही, माझी समजूत काढतो. त्याचा मला अधिकच संताप येतो.

मी कचेरीत गेले. म्हटलं, “गातेव, माणूस अपंग होतोय.”

“वेलिकाबाई, जुने दिवस गेले,” म्हणाला. “आता बाजार आहे. सरकार आता कुणाला फुकट अंघोळ घालत नाही.”

“सरकारनं कधी घातली होती? पाणी जमिनीतून येतं!”

“तेच तर. जमीन कंपनीची आहे.”

“कंपनी तुझ्या सासूची आहे!”

“हे पाहा, मालकाच्या खाजगी बाबीत मी पडत नाही,” म्हणाला, आणि खुर्चीमागच्या नव्याकोऱ्या येशूकडे बघून त्यानं क्रूस काढला. (त्याच खिळ्यावर पूर्वी कुणाचा फोटो होता ते तुला सांगायला नको.)

घरी येताना बसथांब्यावर जुनी शोकपत्रकं फडफडताना दिसली आणि माझ्या डोक्यात उजेड पडला. या गावात सरपंचाची नोटीस कुणीही फाडतो, पण काळ्या चौकटीच्या शोकपत्रकाला हात लावायची कुणाची छाती नाही. ते पावसानंच उतरवायचं, माणसानं नाही. म्हणून तुला मजकूर पाठवला: ‘आपला लाडका गरम हौद, शतकानुशतकं गावाची सेवा करून, खाजगीकरणाच्या आजारानं आपल्यातून निघून गेला. शोकाकुल: गावातले सगळे गुडघे.’ तू छापखान्यात आयुष्यभर घोषणा छापल्यास, पण इतकं खरं वाक्य तुझ्या हातून पहिल्यांदाच छापलं गेलं असेल. काही न विचारता पाठवलंस. भाऊ असावा तर असा.

चूक फोटोची झाली. हौदाचा आमच्याकडे एकच फोटो होता, आणि त्यात हौदाच्या काठावर टॉवेल गुंडाळून, हसत, कोण बसलंय? दोब्री! खांबाखांबावर पत्रकं लागली. आता सांग, आपल्याकडे शोकपत्रक वाचतं कोण? चौकट दिसते, फोटो दिसतो, ‘अरेरे’ म्हणायचं आणि घरी जाऊन मयताच्या नावानं गहू उकडायचा. दुपारपर्यंत आमच्या अंगणात अर्धं गाव. साखर पेरलेल्या उकडलेल्या गव्हाच्या परातीच पराती, मयताला वाहतात तसे सम संख्येच्या फुलांचे गुच्छ, शेजारची मारीत्सा माझ्या गळ्यात पडून रडतेय, आणि मी ओरडून सांगतेय की तो मेला नाही, आत झोपलाय. ती म्हणते, “हो गं बाई, झोपलाच आहे. शांत झोपलाय.” समजावून समजावून माझा घसा बसला.

एवढ्यात गातेव! काळा कोट, हातात पुष्पचक्र, आणि सोबत जिल्हा रेडिओचा माणूस. (निवडणूक जवळ आलीये, त्यामुळे मयतीला एकटं जाता येत नाही.) मायक्रोफोन पुढे आला आणि त्यानं रुमाल डोळ्यांना लावला. “दोब्री माझ्या भावासारखा होता,” म्हणाला. “त्या पाण्यावर त्याचा केवढा जीव! मला एका शब्दानं सांगितलं असतं तर? आज मी जाहीर वचन देतो, दोब्रीच्या स्मरणार्थ तोपलिकचा हौद उद्यापासून सगळ्या गावाला मोफत!” बायका हुंदके देऊ लागल्या. पेनाआजीसुद्धा रडली, शेळीसाठी की दोब्रीसाठी ते कळलं नाही. रेडिओवाला समाधानानं यंत्र बंद करून मोटारीत बसला आणि गेला.

आणि दार उघडून दोब्री बाहेर आला. अंगात रात्रीचा सदरा, हातात काठी. म्हणाला, “आभारी आहे, सरपंच. उद्या किती वाजता येऊ?”

किंकाळ्या झाल्या, एक परात उलटली. गातेव पांढराफटक पडला, मग लाल. आणि मग, दादा, त्यानं जे उत्तर दिलं ते ऐक. “ते वचन मयत दोब्रीला होतं,” म्हणाला. “जिवंत दोब्रीला मी कसलंही वचन दिलेलं नाही. ही फसवणूक आहे!” पुष्पचक्रसुद्धा परत घेऊन गेला. जाता जाता फाटकातून म्हणाला, “मी शब्दाचा पक्का आहे. तो खरोखर मेला की या.”

ते ऐकल्यापासून माझं रक्त उकळतंय. हीच या लोकांची रीत. जिवंतपणी आम्ही त्यांच्या हिशेबी नाही. जुन्या राजवटीत सांगायचे, आज सोसा, उद्या सुख आहे. आता सुख कुंपणाच्या आत तरंगतंय आणि आम्हाला सांगतात, आधी मरा. माझ्या नवऱ्याचा पाय हा काही पुतळा नाही की त्याला हार घालून मोकळं व्हावं! जिवंत पाय आहे, त्याला गरम पाणी लागतं, एवढंच.

असो. तब्येतीला जप. वहिनींना आणि मुलांना माझा नमस्कार आणि आशीर्वाद, ज्याला जो लागू असेल तो.

तुझी बहीण,
वेलिका

ता. क. रेडिओनं ते भाषण दोनदा वाजवलं, खुलासा एकदाही नाही. म्हणजे अख्ख्या जिल्ह्यात दोब्री अजून मेलेलाच आहे आणि हौद मोफत आहे. शेजारच्या गावचे म्हातारे टॉवेल घेऊन फाटकावर येऊन भांडायला लागलेत. गातेव घाबरलाय.

ता. क. दुसरा. म्हणून हे पत्र. दोब्री म्हणतो, “या देशात पेनाआजी कागदावर मालकीण आहे, गातेव कागदावर लोकशाहीवाला आहे, मग मी कागदावर मयत का होऊ नये?” निवडणुकीपर्यंत तो घराबाहेर पडणार नाही, गाव शपथेवर रडायला तयार आहे. त्याचं शोकपत्रक लागलं की मतांच्या भीतीनं गातेवला वचन पाळावंच लागेल. हौद उघडेल, सगळे जातील. एक तोच जाऊ शकणार नाही. मी हे बोलले तर म्हणाला, “मारीत्साचे गुडघे तरी सुटतील.” सोबत त्याचा एकट्याचा फोटो पाठवतेय, टॉवेलशिवाय, लग्नाच्या कोटातला. चांगल्या कागदावर छाप, या खेपेला विनोद नको.

ता. क. तिसरा. परवापासून त्याचा डावा पायही गार लागतो. त्यानं हे पत्र वाचलं आणि एवढंच सांगितलं: स्लाव्चोला दोनदा त्रास नको, मरणाच्या तारखेची जागा रिकामी सोडायला सांग.