नवऱ्यामुलाचं वय क्ष मानू

ती. अनिरुद्धरावकाकांस, तंजावूरहून तुमच्या पुतणीचा, वसुमतीचा साष्टांग नमस्कार. तुमचा गुडघा आणि काकूंची साखर दोन्ही आटोक्यात असोत. (मुद्दाम देवनागरीत लिहिते आहे, म्हणजे तमिळ लिपीच वाचणाऱ्या आमच्या घरात कुणाला वाचता येणार नाही. चुका तुम्ही पुणेकरांनी पोटात घालाव्यात. आमची मराठी तीनशे वर्षं कावेरीचं पाणी पिते आहे.)

तुम्ही सुचवलेलं पापनाशमचं स्थळ रविवारी माझ्या वर्षाला पाहून गेलं. नवरामुलगा साईराम, धाकटा भाऊ मुरली आणि मातोश्री नागलक्ष्मीबाई, अशी तिघं आली. मुलगा फरशी न्याहाळत बसला, मुरलीने बज्ज्या (तुमची भजी) संपवल्या आणि बोलण्याचं काम बाईंनी एकटीने उरकलं. (सोज्जीत, म्हणजे तुमच्या शिऱ्यात, तूप कमी पडलं, हेही त्यांनी आपल्या भातशेतीच्या वर्णनातच बसवलं.) थोरल्याचे गुण तर किती! मुरली चार वर्षांचा होता तेव्हा साईराम बरोबर त्याच्या तिप्पट वयाचा, म्हणून धाकट्याला पाठुंगळी घेऊन बालवाडीत पोचवायचा, वगैरे.

मग त्यांची नजर हॉलमधल्या फळ्यावर गेली. वर्षा शाळेत गणित शिकवते, घरी शिकवण्याही घेते, त्यामुळे फळ्यावर सातवीची समीकरणं होती. बाई हसल्या. वर्षाला म्हणाल्या, "हा क्ष सापडला तर सांबाराला चव येते का, अम्मा? आमच्याकडे आल्यावर हे सगळं सोडावं लागेल." नोकरी सोडायची अट तुम्ही फोनवर सांगितली नव्हती, काका. मी घाईने सोज्जीची बशी पुढे केली.

वर्षाने मात्र शांतपणे मुरलीला वय विचारलं. तो म्हणाला, सत्तावीस. ती उठली, फळा पुसला आणि लिहिलं: क्ष − २३ = १२.

"मुरली चार वर्षांचे होते त्याला तेवीस वर्षं झाली," ती वर्गातल्या आवाजात म्हणाली. "क्ष म्हणजे यांचं आजचं वय. तेवीस वर्षांपूर्वी ते चाराच्या तिप्पट, म्हणजे बारा. आता दोन्ही बाजूंना तेवीस मिळवा."

"पस्तीस!" मुरली तोंडातल्या बज्जीसकट ओरडला. (गुणी मुलगा. मार्क पूर्ण द्यायला हवेत.)

पत्रिकेत एकतीस आहेत, काका. ती पत्रिका तुम्हीच पाठवलीत, "स्वतः तपासली" असं लिहून. चष्मा घालून तपासली होती का? बाई म्हणाल्या, पत्रिकेचं वय वेगळं असतं, आणि कॉफी न पिताच उठल्या. साईराम जाताना प्रथमच मान वर करून फळ्याकडे बघत राहिला. तेव्हा विनंती अशी, की यापुढे आमच्या घरासाठी स्थळं शोधण्याची तसदी घेऊ नये.

तुमची,
वसुमती

ता. क. पत्र पाकिटात घालणार तोच साईराम बसने एकटा येऊन दाखल झाला. पस्तीसच खरे म्हणाला, आईला गप्प बसवायला हवं होतं म्हणाला, आणि वर्षाची माफी मागितली. माझी नाही. दोघं कॉफी प्यायला बाहेर गेली आहेत.

आणखी ता. क. दोघं परत आली. वर्षा त्याला हो म्हणाली! नागलक्ष्मीबाई माझा फोन उचलत नाहीत, तुमचा उचलतील. वरचं सगळं विसरून, काका, आजच त्यांची समजूत काढा. वर्षाची अट एकच, नोकरी सुटणार नाही. ती बाईंच्या कानावर तुम्हीच घालायची. तुम्ही निदान लांब पुण्यात आहात.