कुत्र्याचा उभा कान

तलवाडा, मंगळवार संध्याकाळ

आज आठवीच्या चित्रकलेच्या तासाला साक्षीचं चित्र सगळ्यांना दाखवलं. कुत्र्याचा एक कान उभा, एक लोंबता. म्हणालो, "हे टीव्हीवरच्या कार्टूनमधलं. नक्कल करू नका." पोरं हसली. साक्षी हळूच म्हणाली, "सर, आमच्या घरी टीव्ही न्हाई. हॉलमधल्या तुमच्या चित्रातलं हाय." मी तिला खाली बसायला सांगितलं.

शाळेच्या हॉलमधलं ते चित्र माझंच, न्हाव्याच्या दुकानाचं, बक्षीस मिळालेलं. त्यातलं कुत्रं मी कॉलेजात असताना जुन्या अमेरिकी मासिकाच्या मुखपृष्ठावरून उचललं. कार्टूनवाल्यांनीही तिथूनच घेतलं असणार. मग मी पोरांना हसवलं ते नक्की कुणावर?

निघताना हॉलमधल्या त्या उभ्या कानाकडे बघवेना. साक्षीनं निदान कुठून घेतलं ते सांगितलं. मी बक्षीस घेऊन गप्प बसलो.