घड्याळ घातलेली लक्ष्मी

राहाता,
दि. १२ जानेवारी २०२५

चि. ज्ञानेश्वरीस, भिमाजी आजोबाचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोळ्याला आलं आणि उत्तर संक्रांतीला देतोय, रागावू नकोस. आधी चष्मा मोडला, मग पाय मुरगळला. दोन्ही खरं आहे, पण उशिराचं कारण ते नव्हे. इथं थंडी फार. पेरूवर फळमाशी आहे. तुझी चांगुणाआजी ठणठणीत आहे, म्हणजे माझ्यावर ओरडते.

मुक्या सिनेमांच्या पुस्तकासाठी तुला माझ्या चंद्रभागा आत्याचा फोटो हवाय. फोनवर मी ‘फोटो नाही’ म्हणालो. ते खोटं होतं.

आत्यानं चार सिनेमे केले. तिनांत राणी, एकात लक्ष्मी. मग बोलपट आले. पहिल्याच दिवशी राणीनं तोंड उघडलं, “महाराज, मी लई दमले हाय!” कंपनीच्या मालकानं दुपारच्या गाडीनं घरी पाठवली. सिनेमात गेली म्हणून माझे वडील, तिचे सख्खे भाऊ, शेवटपर्यंत तिच्याशी बोलले नाहीत.

मरायच्या आधी तिनं मला तो लक्ष्मीचा फोटो दिला. “भिमा, याच्याखाली माझं नाव लिव.”

मी सतरा वर्षांचा. वडील फाडून टाकतील म्हणून नाव लिहिलंच नाही. कुंकू लावून फोटो सरळ देवघरात ठेवला. पुढं वीस वर्षं वडील रोज सकाळी बहिणीला हात जोडत होते. सांगायचा धीर मला झाला नाही. मग चांगुणानं तिचे शुक्रवार धरले.

त्यात या लक्ष्मीच्या मनगटावर घड्याळ! पहिल्या पगाराचं, फोटोच्या वेळी काढायचं राहून गेलं. कोणी निरखून बघितलं की मला घाम फुटायचा. चांगुणा मात्र शेजारणींना सांगते, “देवीला वेळेचं भान असतंय, आमच्या ह्यांच्यासारखं न्हाई.”

परवा शुक्रवारी तिला सगळं सांगून टाकलं. तिनं हातातली उदबत्ती खाली ठेवली. मला वाटलं, आता ही या वयात माहेरी अकोल्याला निघते, आणि दोन बसा बदलायच्या.

“आत्या हाय म्हनून उपास सोडू व्हय?” ती म्हणाली. “इतकी वर्षं हाका मारते, तिचं नाव तरी सांगा.”

सांगितलं. मग तिनं पेन आणून दिलं आणि समोर बसवून माझ्याकडून नाव लिहून घेतलं. ‘चंद्रभागा’ जरा वाकडं आलंय.

फोटो घराबाहेर जाणार नाही, कॅमेरा घेऊन तूच ये. शुक्रवार सोडून ये. चांगुणानं ठरवलंय, शुक्रवारी ती लक्ष्मी, बाकी दिवस आत्या.

कधी येतेस ते लवकर कळव. मी आत्याला चौसष्ट वर्षं थांबवलंय, तू थांबवू नकोस.

तुझा,
भिमाजी आजोबा