कानाने ठेवलेला वॉच

बाबा,

आज पहाटे नळाला पाणी आलं आणि मला कळलंच नाही. जागा होतो, बरं का. अंथरुणात पडल्या पडल्या शाळेतली एक कविता आठवत होतो. तिसऱ्या कडव्याची सुरुवात काही केल्या सापडत नव्हती, आणि तिकडे बादली भरून पाणी मोरीभर झालं होतं. तुमची सून उठली, तिने नळ बंद केला आणि दारातूनच म्हणाली, "अहो, केव्हाचं पाणी चाललंय. बाबा असते तर पहिला थेंब पडायच्या आत हाक आली असती." एवढं बोलून तिने भरलेली बादली बाजूला घेतली. माझे कान आता चाललेत, बाबा. डॉक्टर मशीन लावा म्हणतात, मी आज-उद्या करतो आहे. लखनौच्या वृंदावन योजनेतलं हे घर तुम्ही पाहिलं नाहीत. अमौसीच्या, विमानतळाजवळच्या क्वार्टरमधून आम्ही इथे आलो ते मी रिटायर झाल्यावर, आणि तोवर तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली होती. तरी या घरातही पाण्याचा, दुधाचा, कुकरचा विषय निघाला की तुमचं नाव निघतं. म्हणून वाटलं, आज तुम्हालाच लिहावं.

सातवीत मी तुमच्या वर्गात होतो. घरातून निघताना तुम्ही बाबा, शाळेचं फाटक ओलांडलं की सर, आणि संध्याकाळी फाटकाबाहेर पुन्हा बाबा. पोरं मला हसायची. एक दिवस तुम्ही फळ्यावर इंग्रजीत एकच शब्द लिहिलात, वॉच, आणि अर्थ विचारलात. सगळा वर्ग ओरडला, घड्याळ. तुम्ही मनगटावरचं घड्याळ काढून टेबलावर ठेवलंत. "हे एक झालं. आता याला बाजूला ठेवा." मग खिडकीशी जाऊन बाहेर पाहत उभे राहिलात. मागून कुणीतरी हळूच हसलं. "मी काय करून राहिलो?" तुम्ही पाठमोरेच विचारलंत. "बघून राहिले, सर." "नुसतं बघणं वेगळं. रस्त्याने गुरं चालली, आपण बघतो. त्यांत आपली गाय आहे का, हे जो बघतो ना, तो वॉच." त्या तासाला त्या एका शब्दातून चौकीदार निघाला, रात्रीचा पहारा निघाला, जहाजावरच्या खलाशांची पाळी निघाली, सांभाळून राहा म्हणणारी ताकीद निघाली. पाटीलवाड्यातल्या एका पोराने वैतागून विचारलं, "सर, एका शब्दाला इतके अर्थ कशाला?" तुम्ही म्हणालात, "तुझी माय घरात किती जणांची कोण आहे? तुझी माय, तुझ्या आजीची सून, तुझ्या काकाची वहिनी. बाई एकच ना? हाक कोण मारतं त्यावर नातं ठरते. शब्दाचंही तसंच." पुढे आयुष्यात मी जेवढ्या कविता वाचल्या त्या या एका वाक्याच्या उजेडात वाचल्या. हे तुम्हाला कधी सांगितलं नाही. सरांना सांगायचं की बाबांना, हेच ठरत नव्हतं.

मग नोकरी लागली, आणि बदल्या होत होत मी लखनौला पोचलो. विमानतळाच्या संदेश विभागात रेडिओवर बसायचं काम. आई गेली तेव्हा तुम्ही गावी एकटे उरलात, आणि काचबिंदूने तुमचे डोळे जवळजवळ पुसून टाकले होते. उजेड कुठल्या बाजूचा, एवढंच कळायचं. मी तुम्हाला घेऊन आलो. नव्वदच्या दशकाची सुरुवात होती ती. सकाळची वंदना झाली की तुम्ही व्हरांड्यातल्या वेताच्या खुर्चीत बसायचात आणि दिवस संपायची वाट पाहायचात. ट्रान्झिस्टरवर क्रिकेट लागलं तर तेवढाच विरंगुळा. दिवस मावळताना तळाचा फलंदाज आधी पाठवला की तुम्ही नातीला विचारायचात, "याला काय म्हणतात, सांग." ती वहीतून मान वर न काढता म्हणायची, "नाइट वॉचमन, आजोबा. रोज वही पूछते हो." ती तुमचं सगळं मराठी समजायची आणि एकूण एक उत्तर हिंदीत द्यायची. तुम्हाला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. म्हणायचात, समजून राहिली ना, मग झालं.

वाईट वाटलं ते माझं. एका सकाळी ड्यूटीवर निघताना समोरच्या क्वार्टरमधल्या भाईसाहेबांना मी हळू आवाजात म्हणालो, "ज़रा पिताजी पर नज़र रखिएगा." हळू आवाजात म्हणालो खरा. तुमच्या कानांची मला तोवर ओळख नव्हती. दुपारी परत आलो तर तुमची ट्रंक व्हरांड्यात, तुम्ही कोट घालून खुर्चीत, आणि तुमची सून स्वयंपाकघराच्या दारात डोळे पुसत उभी. "बाबा जातो म्हणतात." तुम्ही माझ्याकडे न वळता म्हणालात, "शाळा चालवली मी. आता माझ्यावर वॉच ठेवून राहिला का तू? गावी पडेन-झडेन, पण कुणाच्या नजरेखाली राहणार नाही." मी काय काय बोललो ते आठवत नाही, त्यातलं काहीच लागू पडलं नाही हे आठवतं. गावी घर बंद होतं, विहीर होती, पायऱ्या होत्या, आणि तुम्हाला ताट कुठे आहे ते चाचपावं लागत होतं. तुम्ही गेला असतात तर आम्ही तुम्हाला थोड्या दिवसांत गमावलं असतं. ते तुम्हालाही माहीत होतं, आणि तरीही तुम्ही जायला निघाला होतात.

संध्याकाळची गाडी होती. तोवर जेवून घ्या म्हणून सुनेने ताट वाढलं. खाली मान घालून आपण दोघं जेवत होतो. काहीतरी बोलायचं म्हणून तुम्ही विचारलंत, "आज काय केलं ऑफिसात?" मी म्हणालो, "काही नाही, लिसनिंग वॉच होता." तुमचा घास हातात थांबला. "काय होता?" मी सांगितलं. हेडफोन लावून एका फ्रिक्वेन्सीवर बसायचं. बोलायचं नाही, बहुतेक वेळ कुणी बोलतही नाही, नुसती खरखर. पण दूरवरच्या एखाद्या विमानाने हाक मारलीच तर ती ऐकणारं कुणीतरी जागेवर हवं. त्याला लिसनिंग वॉच म्हणतात. "म्हणजे कानाने ठेवलेला वॉच," तुम्ही स्वतःशीच म्हणालात. पुन्हा एकदा म्हणालात. मग तोंडभर हसलात, आई गेल्यानंतर पहिल्यांदाच. "एवढी वर्षं हा शब्द शिकवला मी. हा अर्थ माझ्याकडे नव्हता रे." आमटी निवत होती आणि तुम्ही विचारत होता. पाळी बदलते कशी? उठून चालू पडता? मी म्हणालो, छे. दुसरा माणूस आला की त्याला सगळं सांगायचं. हवेत कोणतं विमान आहे, कोणतं यंत्र बिघडलंय, कोणता निरोप जायचा राहिलाय. त्याने ऐकून घेतलं की तो तोंडाने म्हणतो, "टेकन ओव्हर." म्हणजे ताबा घेतला. ते ऐकल्याशिवाय पहिल्याने खुर्ची सोडायची नाही. बदलीवाला तासभर उशिरा आला तरी नाही. तुम्ही हात धुतलेत, कोट काढून सुनेच्या हातात दिलात आणि म्हणालात, "मग घरची ही ड्यूटी मला दे. नीट चार्ज देऊन दे, उगीच समजूत काढल्यासारखी नको." ट्रंक आत नेताना ती इतकी हलकी कशी लागली, याचं मला नवल वाटलं. दोन धोतरं आणि आईचा फोटो एवढंच होतं तिच्यात.

त्या दिवसापासून घरात वॉच सुरू झाला. पहाटे नळाचं पाणी तुमच्याकडे. तेव्हा इन्व्हर्टर कुठला, लाईट गेली की पंपाचं बटण बंद करायची आठवण तुमच्याकडे. कुकरच्या शिट्ट्या तुमच्याकडे. दूध तर तुम्ही व्हरांड्यातून सांभाळायचात. "सूनबाई, दूध वर येऊन राहिलं," अशी हाक यायची आणि ती धावत जाऊन गॅस बंद करायची. मला म्हणाली, "अहो, दुधाला आवाज असतो हे मला माहेरी कुणी शिकवलं नाही." नातीच्या सायकलचा आवाज तुम्हाला कॉलनीच्या वळणावरून कळायचा, आणि ती दारात यायच्या आत तुम्ही म्हणायचात, "आज पेपर कठीण गेला वाटते. हळू येऊन राहिली." आलमबागच्या घड्याळवाल्याकडे आपण गेलो होतो, आठवतं? तुमच्या मनगटी घड्याळाची काच काढून घ्यायची होती, काटे बोटाने चाचपता यावेत म्हणून. तो म्हणाला, "बाबूजी, शीशा निकाल दूँगा तो धूल जाएगी." तुम्ही म्हणालात, "जाने दो भैया, धूल को भी तो टाइम देखना होगा." तो इतका हसला की त्याने मजुरी घेतली नाही. मी ड्यूटीवर निघालो की तुम्हाला चार्ज द्यायचो. सिलेंडर संपत आलाय, इस्त्रीवाला यायचाय, अमक्याचा फोन येईल. तुम्ही डोकं हलवत ऐकायचात आणि म्हणायचात, "टेकन ओव्हर." परत आलो की तुम्ही मला द्यायचात. नात चिडवायची, "आजोबा ऑन ड्यूटी हैं, इनको चाय मत देना, सस्पेंड हो जाएँगे."

एकदा मात्र मी चुकलो. हिवाळ्यातली दुपार होती. मी घरी आलो आणि बाहेरूनच सुनेला आणि नातीला घेऊन बाजारात गेलो, स्वेटर घ्यायचे होते. तुम्ही व्हरांड्यात होता, मी आल्याचं तुम्हाला कळलं होतं. आम्ही परतलो तेव्हा ऊन कधीच उतरलं होतं, धुकं कुंपणापर्यंत आलं होतं, आणि तुम्ही त्याच खुर्चीत, शाल आत दोरीवर वाळत घातलेली, हात बगलेत धरून बसला होतात. "आत का गेला नाहीत, बाबा?" मी ओरडलोच. "रिलीव्ह कोणी केलं मला?" तुम्ही शांतपणे विचारलंत. "येऊन गेलास. चार्ज घेतला नाहीस. मी खुर्ची सोडली असती आणि कुणी हाक मारली असती तर?" मी हसण्यावारी न्यायला गेलो. तुम्ही आवाज न चढवता म्हणालात, "तू मला खेळायला दिलं होतं का हे? तसं असेल तर आत्ता सांग." त्या व्हरांड्यात मी पुन्हा सातवीत होतो. उभा राहिलो, सगळं ऐकून घेतलं, कोण येऊन गेलं, कुणाचा निरोप काय, आणि म्हणायचं ते म्हणालो. मग तुम्ही उठलात. तुमचे पाय गारठून इतके आखडले होते की आम्ही दोघांनी धरून आत नेलं, आणि तुम्ही सुनेला म्हणालात, "आता चहा दे. आता मी ऑफ आहे."

त्यानंतर आपण काही वर्षं हे चालवलं. ती वर्षं माझ्या आयुष्यातली सर्वांत निर्धास्त वर्षं होती, बाबा. रात्रपाळीला मी हेडफोन लावून ती खरखर ऐकत बसायचो आणि मला वाटायचं, घरी माझ्यासारखंच कुणीतरी कान देऊन आहे. लोक आपल्या म्हाताऱ्या माणसांना सांभाळतात. माझ्या घरात उलटं होतं, आणि मला त्याची कधी लाज वाटली नाही.

मग ते हॉस्पिटल. दुपारची वेळ, खिडकीतून पलंगावर ऊन आलेलं, तुम्ही चेहरा त्या बाजूला केलेला. मी शेजारी बसलो आहे. तुम्ही विचारता, "आलास? मग घे." आणि सांगायला लागता. "नातीच्या सायकलचं मागचं चाक कुरकुरून राहिलं, तेल टाक. सूनबाईला खोकला आहे. स्वयंपाकघरात पदर तोंडाला लावून खोकते, तुला ऐकू जाऊ नये म्हणून. डॉक्टरला दाखव. दूधवाल्याने दूध बदललं, आता आधीपेक्षा लवकर वर येते, तिला सांग." जरा दम घेता. "आणि तू. झोपेत कविता म्हणतोस. म्हणत जा. पेंडिंग काही नाही." एवढं बोलून तुम्ही कान माझ्याकडे करून थांबला आहात. काय ऐकायला थांबला आहात ते मला कळतं आहे. मी उशी सारखी केली आणि विचारलं, "बाबा, मोसंबीचा रस देऊ?" तुम्ही थोडा वेळ वाट पाहिलीत. मग गालात हसलात. "अच्छा. रिलीव्ह करायचं नाही म्हणतोस." "बदलीवाला उशिरा येणार आहे, सर," मी म्हणालो. हॉस्पिटलात मी तुम्हाला सर का म्हणालो, कोण जाणे. तुम्ही माझा हात थोपटलात आणि रस मागितलात.

तुम्ही आणखी थोडे दिवस राहिलात. डॉक्टरांना त्याचं आश्चर्य वाटलं, मला नाही. मग एका सकाळी नात शेजारी बसून तुम्हाला काहीतरी वाचून दाखवत होती, हिंदीतूनच, आणि वाचता वाचता तिला कळलं की पलीकडे आता कुणी ऐकत नाही.

सायकलला तेल मी त्याच आठवड्यात टाकलं. सुनेचा खोकला दाखवला. वेळेवर आलात, डॉक्टर म्हणाले, औषधाने बरी झाली. आज पहाटे नळ बंद करणारी ती तीच. दुधाचं तिला सांगितलं. झोपेत कविता म्हणतो की नाही, ते आता सांगणारं कुणी नाही, पण जागेपणी म्हणतो. नातीचा मुलगा आता मला विचारतो, "नानाजी, वॉच माने?" आणि मनगटावरचं दाखवतो. मी म्हणतो, हे एक झालं, आता याला बाजूला ठेव. तुम्ही दिलेलं सगळं मी घेतलं आहे, बाबा, एकूण एक.

आज कागद घेऊन बसलो तेव्हा ठरवलं होतं की शेवटी चार्ज घेतल्याचे ते दोन शब्द लिहायचे आणि तुम्हाला मोकळं करायचं. खूप उशीर झाला. खुर्ची सोडून जायला तुम्हाला आता कुणी हरकत घेणार नाही. पण लिहीत नाही. वर सांगण्याच्या ओघात ते येऊन गेले असतील, ते धरू नका, ते ऑफिसचे होते. माझे कान जात आहेत, पाणी आलेलं कळत नाही, आणि खुर्चीचा नियम तर तुम्हाला माझ्यापेक्षा पक्का पाठ आहे.